चार माध्यमं, एक फिल्म: वाड्यावरच्या तीन मिनिटांसाठी

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. बडोद्याच्या दांडिया बाजारातला आजीचा वाडा आता पाडणार, त्याआधी त्यावर तीन मिनिटांची फिल्म करायची. फोनवरचं चित्रण, चारकोल, सायनोटाइप (रसायन लावलेल्या कागदावर उन्हात उमटणारा निळा छाप) आणि पडद्यावरच्या सावल्या हे सगळं त्यात हवंय. चाचणी म्हणून एक मिनिट करून पाहिलं, तर ते ‘चार जणांचे चार प्रोजेक्ट एकामागोमाग लावल्यासारखं’ दिसतं, शिवाय चित्र सारखं लुकलुकतं. हातात दोन महिने आणि पाच हजार रुपये आहेत, तर त्यातून जुना कॅमेरा घ्यावा का?

कॅमेऱ्याचं शेवटी बोलू. माध्यमं जास्त झाली म्हणून फिल्म विस्कळीत झाली असं तुम्हाला वाटतंय, पण मला अडचण वेगळीच दिसते. वाड्याचं दार चित्रणात दिसतं, मग तेच दार चारकोलमध्ये, मग तेच निळ्या प्रिंटमध्ये. प्रत्येक माध्यम तीच माहिती नव्याने सांगतंय. म्हणून प्रत्येक बदलाला बघणाऱ्याचं लक्ष तंत्राकडे जातं आणि वाडा मागे पडतो. आधी प्रत्येक माध्यमाला त्याचं स्वतःचं काम द्या, आणि दोन माध्यमांमधला सांधा नीट बसवा. लुकलुकण्याचा प्रश्न यापेक्षा सोपा आहे, तो मोजमापाने सुटतो.

कामाची वाटणी तुमच्या विषयावर ठरेल, त्यामुळे पुढचं नियम म्हणून घेऊ नका. पण वाडा हा विषय असेल तर मी अशी करीन: आज जे उभं आहे ते फोनवर. जे बदलत गेलं, पुसलं गेलं ते चारकोलमध्ये, कारण त्यात खोडलेल्याची खूण कागदावर राहते. आजीच्या वस्तू, म्हणजे किल्ल्यांचा जुडगा, जाळीची झडप, पानाच्या डब्याचं झाकण, हे सायनोटाइपमध्ये, कारण तिथे वस्तू खरोखर कागदाला टेकलेली असते. आणि आजी जे सांगते, जे कुणी पाहिलेलं नाही, ते सावल्यांमध्ये. एवढं ठरलं की कुठला प्रसंग कशात करायचा हा प्रश्न बहुतेक वेळा आपोआप सुटतो.

आता हिशोब. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, म्हणून एडिटिंगची टाइमलाइन सेकंदाला २५ फ्रेमची, म्हणजे २५ चित्रांची ठेवा. एक चित्र दोन फ्रेम धरून ठेवलं तर सेकंदाला साडेबारा चित्रं लागतात. तीन मिनिटं हातानेच करायची म्हटली तर २,२५० चित्रं होतील, आणि दोन महिन्यांत ती एकट्याने होणार नाहीत. म्हणून अशी विभागणी करून पाहा: साधं चित्रण ७० सेकंद, चित्रण छापून त्यावर रेखाटलेलं २० सेकंद, खोडून-काढून केलेला चारकोल ४० सेकंद, सायनोटाइप १० सेकंद, सावल्या ४० सेकंद. दहा सेकंदांचा निळा तुकडा कमी वाटेल, पण तीन मिनिटांच्या फिल्ममध्ये तो बऱ्यापैकी मोठा दिसतो. सावल्या थेट चित्रित होतात, त्यांना फ्रेम मोजाव्या लागत नाहीत. खूप दिसणारं आणि कमी श्रमाचं असं हे एकच माध्यम तुमच्या यादीत आहे, त्याचा पुरेपूर उपयोग करा.

छापून रेखाटण्यापासून सुरू करा, कारण चित्रण आणि चित्र यांच्यातला सगळ्यात भक्कम सांधा तोच. वीस सेकंदांच्या चित्रणाची इमेज सिक्वेन्स, म्हणजे प्रत्येक फ्रेमचं वेगळं चित्र काढा, एकाआड एक चित्र ठेवा, २५० उरतील. ए-फोर कागदावर ९० मिलिमीटर रुंदीच्या दोन रांगा, प्रत्येकीत पाच फ्रेम, म्हणजे एका कागदावर दहा. पंचवीस कागदांत काम होतं. इरफानव्ह्यूसारख्या फुकट प्रोग्रॅममध्ये कॉन्टॅक्ट शीट, म्हणजे एका कागदावर अनेक चित्रांची मांडणी, बनवता येते. छापताना चित्र मुद्दाम फिकट करा, काळा रंग साधारण ४० टक्क्यांवर आणा. गडद छापलं तर हाताची रेघ त्यात बुडते आणि बघणाऱ्याला फक्त खराब झेरॉक्स दिसते. लेझर प्रिंट घ्या. त्याची शाई पाण्याने फुटत नाही, त्यामुळे वरून जलरंगाचा हात फिरवता येतो. टोनर, म्हणजे ही शाई, दाट बसलेल्या जागी चारकोल मात्र धरत नाही, फिकट छापण्याचं दुसरं कारण हेच. कागद १०० जीएसएमचा (चौरस मीटरला १०० ग्रॅम) तरी हवा.

स्कॅन ६०० डीपीआयवर (इंचाला ६०० ठिपके) करा. ९० मिलिमीटरची फ्रेम मग सुमारे २,१२० पिक्सेल रुंद येते आणि १,९२० च्या फिल्मला पुरते. ३०० वर केलं तर निम्मीच मिळेल. स्कॅनरमधलं ऑटो कलर, ऑटो एक्स्पोजर, शार्पनिंग, ऑटो क्रॉप हे सगळं बंद. प्रत्येक कागदाच्या चारही कोपऱ्यांत अधिकच्या चिन्हाची (+) छोटी खूण छापून ठेवा आणि स्कॅन झाल्यावर त्या खुणांवरच कागद जुळवा. पुष्कळ जण फाइलच्या पंचाने भोकं पाडून त्यांवर भरवसा ठेवतात. कागदावर थेट रेखाटताना ते चालतं. छापलेल्या कागदाला चालत नाही, कारण प्रिंटर स्वतःच कागद एखादा मिलिमीटर इकडेतिकडे ओढतो. ९० मिलिमीटरच्या फ्रेममध्ये एक मिलिमीटर म्हणजे पडद्यावर २१ पिक्सेल. एकदोन पिक्सेलची थरथर हाताची वाटते आणि गोड दिसते. वीस पिक्सेलचा झटका चूक वाटतो, त्यातही तो दर दहा चित्रांनी, म्हणजे दर ०.८ सेकंदांनी आला तर बघणारा नकळत त्याचीच वाट पाहू लागतो.

चारकोलची पूड स्कॅनरच्या काचेवर बसते आणि पुढच्या सगळ्या फ्रेममध्ये त्याच जागी डाग येतो. रेखाटन झालं की कागदावर फिक्सेटिव्ह (पूड पक्की बसवणारा फवारा) मारा, गच्चीत किंवा अंगणात मारा, आणि दर तीनचार कागदांनी काच कोरड्या मऊ कापडाने पुसा.

आता चाळीस सेकंदांचा चारकोल. इथे एकच कागद असतो: थोडं पुसायचं, थोडं काढायचं, फोटो घ्यायचा. एक फोटो चार फ्रेम धरला तर पुन्हा २५० फोटोच लागतात. कागद २०० जीएसएमच्या वरचा आणि थोडा खरखरीत. चारकोल काडीचा घ्या. दाबून बनवलेल्या वड्यांचा चारकोल फार काळा येतो पण पुसला जात नाही, आणि सारखं पुसायचं असेल तर दहाव्या फ्रेमपर्यंत कागद चिखलासारखा होतो. खोडायला पुट्टी रबर, म्हणजे मळता येणारं मऊ खोडरबर. फिक्सेटिव्ह शेवटचा फोटो होईपर्यंत अजिबात नाही.

तुमचं चित्र लुकलुकतंय ते बहुतेक इथेच. फोन प्रत्येक फोटोला नव्याने उजेड मोजतो, रंग ठरवतो, फोकस शोधतो. तिन्ही लॉक करा: उजेडासाठी आयएसओ (संवेदनशीलता) सगळ्यात खालचा आणि शटर एकाला पन्नास (सेकंदाचा पन्नासावा भाग), रंगासाठी व्हाइट बॅलन्स एका आकड्यावर, आणि फोकस कागदावर. साध्या कॅमेरा अॅपमध्ये हे जमत नसेल तर ओपन कॅमेरासारखं फुकट अॅप घ्या. शटर एकाला पन्नास यासाठी, की ५० हर्ट्झच्या विजेवर दिवा सेकंदाला शंभर वेळा कमीजास्त होतो, आणि एवढ्या वेळात त्याची बरोबर दोन आवर्तनं येतात. दर फोटोला उजेडाचा हिस्सा तेवढाच मिळतो. एकाला साठ किंवा एकाला एकशेवीस ठेवलंत की स्वस्त एलईडीखाली पट्टे दिसू लागतात.

खिडकी बंद करा, पडदा नव्हे, पुठ्ठा लावा. ढग आला-गेला की चाळीस सेकंदांत वीस वेळा ऊनसावली होते. एकाच खोक्यातले दोन एलईडी दिवे घ्या, कागदाच्या दोन बाजूंना ४५ अंशांत, साधारण ६० ते ७० सेंटिमीटरवर लावा. आणि अंगात गडद कपडे घाला. पांढरा सदरा घालून कागदाशी वाकलं की त्यावरचा उजेड कागदावर परततो, आपण जरा मागेपुढे उभे राहिलो की तो बदलतो. लॉक सगळी लावली तरी चित्र का लुकलुकतं, याचं उत्तर कितीदा तरी हेच निघतं.

जुन्या वाड्यात आणखी एक गोष्ट आडवी येते. माडीची जमीन लाकडी तक्तपोशीची असते, शेजारच्या खोलीतून कुणी चाललं तरी स्टँड हलतो. काम तळमजल्यावर, दगडी किंवा लादीच्या जमिनीवर करा. फोन विमान मोडमध्ये, चार्जरला लावलेला. फोटो घ्यायला स्क्रीनला हात लावू नका, तारेच्या इअरफोनचं आवाजाचं बटण बहुतेक फोनमध्ये शटरचं काम करतं.

यातली कुठली लुकलुक ठेवायची, हे मात्र तुम्ही ठरवायचं. यंत्राने आणलेली काढून टाका, हाताने आणलेली राहू द्या. दोन्ही एकदम पुसून टाकणारे डीफ्लिकरचे फिल्टर मिळतात, आधीच ते लावले तर चारकोलचा श्वासच जातो. मुळात उजेड स्थिर करा, मग फिल्टरची गरज क्वचितच पडते.

सायनोटाइपमध्ये ही निवड फार स्पष्ट दिसते, म्हणून त्यावर थोडं थांबतो. दहा सेकंद म्हणजे १२५ चित्रं, दहाच्या हिशोबाने तेरा कागद. द्रावणं दोन: १०० मिलिलिटर पाण्यात २५ ग्रॅम फेरिक अमोनियम सायट्रेट, आणि दुसऱ्या १०० मिलिलिटरमध्ये १० ग्रॅम पोटॅशियम फेरिसायनाइड. वापरायच्या वेळी दोन्ही समान मिसळायची. ए-फोरला ब्रशने तीनेक मिलिलिटर लागतं, वाया जाणारं आणि चाचण्या धरून एकूण १०० मिलिलिटर मिश्रण भरपूर झालं. हातमोजे घाला, स्वयंपाकाची भांडी वापरू नका, आणि फेरिसायनाइडजवळ तीव्र आम्ल कधीही आणू नका, त्यातून विषारी वायू सुटू शकतो.

निगेटिव्ह पारदर्शक शीटवर छापा. झेरॉक्सच्या दुकानातल्या लेझर प्रिंटचा काळा पुरेसा दाट नसतो, एकाच निगेटिव्हच्या दोन शीट नेमक्या एकावर एक ठेवल्या की भागतं. वस्तू थेट कागदावर ठेवून छापायच्या असतील तर निगेटिव्हही नको: किल्ल्यांचा जुडगा प्रत्येक चौकटीत जरासा फिरवत जा. हाताला वेळ लागतो, म्हणून कागद सावलीत मांडून घ्या आणि मगच उन्हात न्या.

बडोद्याच्या उन्हाळ्यात दुपारी पाच ते दहा मिनिटं पुरतात, पावसाळी आभाळात अर्धा तास लागू शकतो. घड्याळापेक्षा कागदाकडे बघा: उघडा भाग पिवळट हिरव्याचा निळा होतो आणि मग राखाडी पडू लागतो, तिथे उचलायचा. पाण्यात पिवळेपणा पूर्ण जाईपर्यंत धुवायचा. बोअरचं जड, क्षारयुक्त पाणी असेल तर निळा रंग धुतानाच फिका होतो, पहिल्या पाण्यात चमचाभर व्हिनेगर टाकलं की तो टिकतो. ‘अॅसिड-फ्री’ म्हणून विकल्या जाणाऱ्या काही कागदांत चुन्याचा अंश असतो, त्यांवरही निळा काही महिन्यांत उतरतो. कागद घेण्याआधी एक तुकडा करून पाहा. द्रावण लावलेला कागद दमट हवेत लवकर खराब होतो, म्हणून रात्री लावून दुसऱ्या दिवशीच वापरा.

आता मुद्द्याचं. तेरा कागदांचा निळा कधीच सारखा येत नाही. चित्रं क्रमाने मांडलीत, म्हणजे पहिल्या कागदावर १ ते १०, दुसऱ्यावर ११ ते २०, तर दर ०.८ सेकंदांनी निळा एकदम बदलेल, एक ठोका पडल्यासारखा. त्याऐवजी पहिल्या कागदावर १, १४, २७, ४० अशी तेराच्या अंतराने मांडलीत, दुसऱ्यावर २, १५, २८, तर प्रत्येक चित्र वेगळ्या कागदावरून येईल आणि निळा सगळीकडे सारखा थरथरेल, पाण्यावरच्या उजेडासारखा. पहिल्या मांडणीत काळाचे तुकडे पडतात, दुसऱ्यात वस्तू जिवंत वाटते. आजीच्या वस्तूंसाठी मी दुसरी घेईन. पण त्याच तुकड्यावर घड्याळाचा किंवा पाटा-वरवंट्याचा आवाज ठेवणार असाल तर पहिली जास्त बोलेल. मांडणी छापण्याआधी ठरवावी लागते, नंतर बदलता येत नाही.

ओला कागद फुगतो आणि वाळताना प्रत्येक वेळी वेगळा आकसतो. त्यामुळे कोपऱ्यांच्या खुणा जुळवताना नुसतं सरकवून भागत नाही, आकारही थोडा ताणावा लागतो. वाळले की कागद जाड पुस्तकांखाली रात्रभर दाबून मगच स्कॅन करा.

सावल्यांसाठी ६० सेंटिमीटर रुंद, ३४ उंच चौकट करून त्यावर धुतलेलं जुनं धोतर किंवा मांजरपाट ताणून बसवा. मागे एकच दिवा, तोही बिंदूसारखा. फोनचा टॉर्च उत्तम, पडद्यापासून सव्वा ते दीड मीटरवर. ट्यूबलाइट किंवा दुधी बल्ब लावला की कडा फुटतात. पुठ्ठ्याची कापलेली आकृती कापडाला टेकलेली असेल तर कड धारदार, दिव्याकडे नेली की मोठी आणि अस्पष्ट. आजीच्या गोष्टीतलं माणूस दूर जाताना त्याला उलट मोठं आणि पुसट करता येतं, ही सावल्यांचीच ताकद आहे, ती दुसऱ्या कुठल्या माध्यमात इतक्या सहज मिळत नाही. दिवा कॅमेऱ्याच्या बरोबर समोर ठेवू नका, कापडातून पांढरा ठिपका दिसतो. जरा खाली उतरवा, आकृतीमागे लपेल. रंग हवा असेल तर उत्तरायणाच्या पतंगांचा कागद आकृतीच्या कापलेल्या खिडकीत चिकटवा, उजेड त्यातून छान झिरपतो. आकृतीच्या हातापायांचे सांधे दोऱ्याच्या गाठीने बांधा. सिंधुदुर्गातल्या पिंगुळी गावच्या चामड्याच्या सावली-बाहुल्या पाहायला मिळाल्या तर आवर्जून पाहा: अंगावर पाडलेल्या बारीक छिद्रांनी नक्षी कशी उजळते, ते पुठ्ठ्यावर सुईनेही जमतं.

आता दोन माध्यमांमधला सांधा, ज्यावर खरं तर सगळी फिल्म उभी राहते. माध्यम बदलताना बाकी दोन गोष्टी बदलू नका: आकार आणि हालचाल. समजा, चित्रणात आजीचा हात कडी उघडायला वर जातो. हात अर्ध्यावर असताना चारकोल सुरू व्हावा, आणि कडी चारकोलमध्ये निघावी. हात पडद्यावर त्याच जागी, त्याच आकाराचा. बदल हालचाल थांबल्यावर केलात तर दोन वेगळे तुकडे दिसतात, हालचालीच्या मध्यावर केलात तर डोळा हाताचा पाठलाग करत पलीकडे जातो. जिन्याच्या कठड्याची तिरपी रेघही अशीच वापरता येईल: चित्रणात कठडा, चारकोलमध्ये तीच तिरपी, सावल्यांत तीच, पडद्यावर त्याच कोनात. यासाठी चित्रणातली शेवटची फ्रेम छापून घ्या आणि चारकोलच्या कागदाखाली उजेडावर धरून ठळक रेघा उतरवून घ्या.

आवाज तर माध्यम बदलताना कापूच नका. वाड्याचा रिकामा आवाज, म्हणजे चौकातले पक्षी, लांबची रिक्षा, कुणी बोलत नसतानाची शांतता, दोन मिनिटं सलग रेकॉर्ड करा आणि चारही माध्यमांखालून वाहू द्या. पुढच्या प्रसंगाचा आवाज चित्राच्या आठ-दहा फ्रेम आधी सुरू करा. फोनचं चित्रण अनेकदा ३० फ्रेमचं आणि बदलत्या वेगाचं असतं, म्हणून आवाज पुढे-मागे होतो. आधी हँडब्रेक या प्रोग्रॅममधून स्थिर वेगाचं करून घ्या, आणि शक्य असेल तिथे अॅपमध्ये २५ च निवडा.

बडोद्यातल्याच तांबेकर वाड्यातली १९व्या शतकातली भित्तिचित्रं चित्रणात घ्यायची म्हणताय. ती वास्तू पुरातत्त्व खात्याकडे आहे, स्टँड, दिवे लावून चित्रण करायचं तर आधी रीतसर परवानगी काढा आणि भिंतीवर प्रोजेक्टर मारण्याचा विचार सोडा. पण तिथे जाऊन डोळ्यांनी नक्की बघा, स्केचबुक घेऊन बसा. भिंतीवर लहान लहान चौकटी शेजारीशेजारी आहेत, एकीतला प्रसंग दुसरीत कसा जातो, हे सांधा शिकायला फार उपयोगी आहे. आणि जाता जाता, भारतीय सिनेमाचे जनक दादासाहेब फाळके याच शहरात कलाभवनात शिकले. चित्रकला, फोटोग्राफी, छपाई या सगळ्यातून ते सिनेमाकडे आले आणि कुंडीतल्या वाटाण्याच्या वेलाची वाढ त्यांनी एकेक फ्रेम करून टिपली होती. तुम्ही माध्यमं एकत्र आणताय हे बडोद्याला नवीन नाही, याचा आधार वाटू द्या.

कॅमेरा घेऊ नका. लॉक लावलेला फोन या फिल्मला पुरेसा आहे, आणि स्कॅनर त्याहून बारीक तपशील देतो. पैसे आधी कागदाला, मग दोन दिव्यांना आणि सायनोटाइपच्या रसायनांना घाला. स्कॅनर मैत्रीत मिळाला तर उत्तम, नाहीतर जुना फ्लॅटबेड बघा. पहिल्या आठवड्यात फक्त पंधरा सेकंद करा, ज्यात चारही माध्यमं आणि तीन सांधे येतील, आणि ते घरच्या टीव्हीवर लांबून बघा. फोनच्या पडद्यावर लुकलुक आणि थरथर दोन्ही लपतात. ६०० डीपीआयचा एक ए-फोर रंगीत स्कॅन साधारण १०० एमबीचा होतो, अडतीस कागदांचे चार जीबी. ते दोन जागी ठेवा, आणि फाइलला कागदाचा नंबर आणि फ्रेमचा नंबर दोन्ही द्या. तेराच्या अंतराने मांडलेली चित्रं परत क्रमाने लावताना त्याशिवाय निभणार नाही.